डगला काढा की

थंडीचे दिवस होते. शमशुद्दीन दर्ज्याच्या दारात एक तरुण कुडकुडत उभा राहिला. अब्बा नमाजाला गेलेले, म्हणून काजं करीत बसलेली त्यांची लेक मेहमुदाच पुढं आली.

"पावणं, आत या. दारात गारठताय की."

तो निसार, पन्हाळ्याचा. तिथलं टपाल कोल्हापुरातून पायी वर न्यायचं, ही त्याची नोकरी. त्याला कापूस भरलेला जाड डगला हवा होता. माप अब्बांनी परतल्यावर घेतलं, शिवला मात्र मेहमुदानं. कापूस जरा जास्तच भरला. का, ते तिला विचारू नये.

आठवड्यानं निसार आला तो तापातून उठलेला, गाल बसलेले.

"डगला उबदार न्हाय झाला?" तिनं घाबरून विचारलं.

"उलट. चढावर घामानं न्हालो, मग माथ्यावरच्या वाऱ्यात गारठलो. आता पुन्हा आजारी पडलो तर नोकरी गेली म्हणायची."

"मग चढावर डगला काढायचा की!"

"काढवला न्हाय..." तो जमिनीकडं बघत म्हणाला, "तुम्ही शिवलाय म्हणून."

मेहमुदाला हसू फुटलं, पण लगेच ते विरलं. नोकरी गेलेल्याला अब्बा दारात तरी उभं करतील?

तिनं तो डगला उसवला आणि एकाच्या जागी तीन कपडे शिवले. आत पातळ सुती सदरा, त्यावर थोड्याच कापसाची बिनबाह्यांची बंडी, सगळ्यांत वर वारा अडवणारा घट्ट विणीचा अंगरखा.

"चढ लागला की वरचे दोन्ही काढून पाठीला बांधा. माथ्यावर टेकायच्या आधी परत चढवा."

"आणि काढवलं न्हाय तर?"

"दोन काढले तरी एक अंगावर राहतोय की... तोही माझ्याच हातचा." बोलून गेली आणि कानापर्यंत लाल झाली.

थंडी सरली. निसार साधा शिंकलासुद्धा नाही. मग एके दिवशी तो सरळ अब्बांसमोर बसला.

"चाचा, तुमच्या लेकीनं माझी नोकरी राखली, जीव राखला. तिचे उपकार मानतोच. पण मी तिला मागायला आलोय."

"मला काय सांगतोस? तिला इचार," अब्बा कात्री खाली ठेवत म्हणाले.

पडद्याआड मेहमुदाचे डोळे भरून आले. आपल्या हातच्या टाक्यांना इतकं जपणारा माणूस दारी आला, याबद्दल तिनं खुदाचे आभार मानले. मग आवाज सावरून म्हणाली,

"गडावर थंडी लई असती म्हणं... माझ्या मापाचं कापड घेऊन या."