पहिला शब्द प्रॉम्प्टरचा

त्यानं तिच्या खांद्यावर आपला कोट अडकवला, ही त्या दोघांची पहिली भेट.

रंगमंचाच्या विंगेत अंधार होता. ती खांबाला टेकून संहिता चाळत उभी होती. कोट अडकवून तो निघालासुद्धा.

"अहो! मी खुंटी नाहीये!"

तो गर्रकन वळला, डोळे बारीक केले आणि तिच्याऐवजी शेजारच्या पडद्याकडे बघत म्हणाला, "माफ करा हं. चष्मा काढला की मला सगळी माणसं खुंट्यांसारखीच दिसतात."

"आणि खुंट्या?"

"त्या... सहसा बोलत नाहीत."

तिला हसू आलं, पण तिनं ते दाबलं. दाबलं नसतं तरी चाललं असतं म्हणा, त्याला थोडंच दिसणार होतं!

दिवसभर तो चष्म्याच्या दुकानात काम करायचा, म्हणून मंडळी त्याला चष्मेवालाच म्हणत. नाटकातला नवा नायक. आवाज भरदार, चेहरा देखणा, पण दर चार वाक्यांनी गाडी अडायची. मग विंगेतून ती शब्द पुरवायची. तिचे बाबाही प्रॉम्प्टरच होते. जाताना त्यांनी तिच्या हवाली एक पत्र्याचा डबा केला होता. डब्याला माइक होता आणि सोबत नटाच्या कानात बसणारं शेंगदाण्याएवढं यंत्र. डब्याबरोबर एक ताकीदही दिली होती, "पहिला शब्द आपला, वाक्य नटाचं. यातून स्वतःचं वाक्य कुणाच्या तोंडी घालू नकोस."

ताकीद कशासाठी, ते तिला छपरामुळे कळलं. नाट्यगृहाचं छप्पर गळायचं आणि थेंब नेमके तिच्या संहितेवर पडायचे. एका प्रयोगात वैतागून ती माइकमध्ये कुजबुजली, "छप्पर दुरुस्त झालं एकदाचं." नाटकात नसलेलं हे वाक्य चष्मेवाल्यानं इमानेइतबारे म्हणून टाकलं. थेंब थांबले. दुसऱ्या दिवशी ते वाक्य संहितेत चक्क छापलेलं होतं आणि छप्पर कधी गळत होतं हे कुणालाच आठवत नव्हतं. तिच्याशिवाय.

घाबरून तिनं डबा माळ्यावर टाकायला हवा होता. पण असं काही हाताला लागल्यावर कुणाला राहवतं? मग तिनं चहावाल्या मावशींना गोड केलं. मावशींच्या तोंडाचा पट्टा असा, की चहाबरोबर बोलणी फुकट मिळायची. नायकाच्या तोंडून एक वाक्य निघालं आणि दुसऱ्या दिवसापासून मावशी सगळ्यांना "बाळा" म्हणू लागल्या.

आणि मग ती संध्याकाळ आली. नायिकेसमोर तो अडला आणि विंगेकडे वळला. कपाळावर एक बट, बिनचष्म्याचे भाबडे डोळे अंधारात तिचा आवाज शोधताहेत... तिचा तोल गेला. पहिला शब्द देऊन ती थांबली नाही. तिनं अख्खं वाक्य दिलं.

"तुझ्याशिवाय मला करमत नाही."

त्यानं ते म्हटलं — नायिकेकडे नाही, विंगेकडे बघून.

दुसऱ्या दिवशी प्रयोग संपल्यावर चष्मा लावून, दोन ग्लास चहा घेऊन स्वारी हजर. मग रोजच. हळूहळू 'तुम्ही'चं 'तू' झालं.

"चष्म्यातून खुंटी बरी दिसते हं," तो म्हणायचा.

"कोट कुठंय मग आज?"

"घरी ठेवलाय. खुंटीला भार नको!"

ती खळखळून हसायची आणि घरी जाऊन उशीत तोंड खुपसून रडायची. त्याचं हे हसणं, हा चहा, हे बघणं... हे त्याचं की आपल्या डब्याचं? आपणच लिहून घेतलेलं प्रेम खरं कसं मानायचं? आणि पुसून टाकलं, तर तो उरेल का? तो तिला हवा होता, अगदी मनापासून हवा होता. म्हणूनच असा नको होता.

शेवटी एका प्रयोगाच्या अखेरच्या अंकात तिनं मन घट्ट केलं. माइक ओठांशी नेला.

"बदललेलं सगळं होतं तसं होऊ दे."

त्यानं ते वाक्य म्हटलं. टप्पकन एक थेंब तिच्या संहितेवर पडला.

पडदा पडला. मंडळी पांगली. ती स्टुलावर बसून राहिली. कुणी आलं नाही. येणार तरी कशाला? तिनं डब्याची वायर गुंडाळायला घेतली, पण डोळ्यांतल्या पाण्यानं ती नीट दिसेना.

तेवढ्यात विंगेकडे येणाऱ्या जिन्याखालून मावशींचा आवाज कडाडला, "अरे ए चष्मेवाल्या! रोज दोन ग्लास घेऊन जिन्यात जातोस, तिथंच उभा राहून दोन्ही ढोसतोस नि खाली येतोस! आज तरी वर जाणारेस, की तुझा पुतळा करून ठेवू इथंच?"

तिच्या हातातली वायर गळून पडली.

जिन्यावर पावलं वाजली. थांबली... पुन्हा वाजली. तो दारात आला. हातात दोन ग्लास, चष्मा वाफेनं धुरकटलेला.

"मी... तुमच्या खांद्यावर कोट अडकवला होता. आठवतंय?"

तुमच्या! एकत्र घालवलेल्या त्या साऱ्या संध्याकाळी गेल्या होत्या. त्या आता फक्त तिच्याजवळ होत्या. पण जिन्यातले ते चहा मात्र त्याचे स्वतःचे होते.

"आठवतंय," ती म्हणाली.

"मला तुम्हाला एक सांगायचं होतं. म्हणजे..." गाडी अडली. त्यानं केविलवाणा चेहरा केला. "शब्द द्या ना."

डबा शेजारीच होता. तिनं तो पायानं लांब सारला.

"पहिलाच देईन हं. पुढचं तुमचं तुम्ही."

"चालेल."

"मला..."

"मला अख्खं नाटक पाठ आहे," तो एका दमात म्हणाला. "पहिल्या तालमीपासून. अडखळतो ते... तुमचा आवाज ऐकायला मिळावा म्हणून."

हे वाक्य तिला जन्मात सुचलं नसतं.

तिनं उठून त्याचा चष्मा काढला, ओढणीनं वाफ पुसली आणि पुन्हा त्याच्या नाकावर ठेवला. तो बघत राहिला. मग भानावर येऊन त्यानं ग्लास पुढे केला आणि त्याच क्षणी छपरातून एक थेंब टपकन त्या चहात पडला.

"अरेरे! थांबा, बदलून आणतो."

"नको," ती म्हणाली आणि तिनं ग्लासासकट त्याचा हात धरला. "काही बदलू नकोस. आहे तसाच दे."