कापून टाकलेली नजर

पहिल्या भेटीतच त्याने तिची पांढरी बाही निळी करून टाकली. स्टुडिओच्या जिन्यात ती वर चढत होती आणि तो कोपरापर्यंत रंगाने बरबटलेले हात घेऊन धाडधाड खाली येत होता. धडक व्हायची ती झालीच!

"सॉरी हं... पण निळा रंग तुम्हाला शोभतो."

"चोर तो चोर, वर शिरजोर!" ती फणकारली; पण हसू काही केल्या आवरेना.

तो चित्रकार, नट, की सिनेमावाला, हे त्याच्या आईलाही धड सांगता यायचं नाही. भिंतीवर कोळशाने माणसं काढायची, त्यांच्याशी भांडायचं, त्यांच्यासमोर नाचायचं, मग ओल्या फडक्याने सगळं पुसून टाकायचं — आणि हे सगळं कॅमेऱ्यात धरायचं. ते कापून-जोडून त्याचा सिनेमा करायचा, हे तिचं काम. कॅमेऱ्याशेजारच्या स्टुलावर बसून ती रोज त्याला बघायची. अहो-जाहो दोन दिवसांत गळून पडलं. जीव कधी जडला, तिचं तिलाच कळलं नाही. आणि बोलायची तर सोय नाही! सिनेमा झाला की तो दोन वर्षांच्या एका कामासाठी परदेशी चालला होता. जाणाऱ्याच्या पायात कशाला घुटमळायचं?

आज तिने त्याला तयार सिनेमा दाखवला. सिनेमा संपला तरी तो पडद्यावर काहीतरी शोधतच होता.

"आवडला नाही का रे?"

"शेवट कुठे गेला?"

"कुठला शेवट? भिंत पुसली, संपलं की!"

"त्यानंतर मी उभा असतो... दर वेळी."

"नुसता खांबासारखा! ते सगळं कापलं मी. धड कॅमेऱ्याकडेसुद्धा बघत नव्हतास."

"मग कुणाकडे बघत होतो?"

तिने कापलेले तुकडे पुन्हा लावले. पहिल्यात तो पुसलेल्या भिंतीपुढे उभा, छाती धपापतेय, नजर कॅमेऱ्याच्या जरा उजवीकडे. दुसऱ्यातही तिकडेच. तिसऱ्यातही... अगं बाई! तिचं स्टूल तिथेच तर असायचं. ज्या नजरेसाठी ती झुरत होती, तीच खराब शॉट म्हणून रोज बाजूला टाकत होती. काखेत कळसा अन् गावाला वळसा, दुसरं काय!

"तोंडाने सांगायला काय झालं होतं?" ती गर्रकन त्याच्याकडे वळली.

"घाबरलो. हजार माणसांपुढे नाचेन गं, पण तुझ्यापुढे..."

"मीही घाबरले. मला तू हवा आहेस रे. खूप हवा आहेस."

तो हळूच म्हणाला, "नको जाऊ म्हण. राहतो."

बोलायला तिचे ओठ हललेसुद्धा. पण परदेशातल्या त्या कामाबद्दल बोलताना तो कसा खुलायचा, ते तिनेच तर रोज पाहिलं होतं.

"जा तू. नाहीतर पुढे माझ्या नावाने खडे फोडशील," ती म्हणाली — आणि म्हणता म्हणता तिने त्याचा हात असा घट्ट धरला, की तो तिलाच सोडवेना.