सव्विसावा भाग

पटत नसेल तर सोडून द्या. पण हे आमच्या ताईच्या घरी, भर दुपारी घडलंय. ती आजही त्या खोलीत एकटी बसत नाही.

ताई म्हणजे माझ्या मामांची मुलगी. मामा टीव्ही केंद्रात होते. जुना कार्यक्रम पुसायचा, त्याच टेपवर नवा घ्यायचा, हे त्यांचं काम. मुलांना गोष्टी सांगणाऱ्या एका बाईंचे सव्वीसच्या सव्वीस भाग त्यांनीच पुसले. बाई दारात हात जोडून उभ्या होत्या.

“एक तरी भाग राहू द्या हो.”

मामा हसले. “जाऊ द्या हो बाई, उद्या मुलं विसरतील.”

बाई त्याच वर्षी गेल्या. मामा मात्र हा किस्सा जेवताना रंगवून सांगायचे. बाईंच्या आवाजाची नक्कल करून!

बापाने पुसलं, लेक शोधत बसली. ताई हरवलेले कार्यक्रम मिळवते. कुणा प्रेक्षकाच्या माळ्यावर घरी रेकॉर्ड केलेला सव्विसावा भाग सापडला. बुरशी पुसून तिने टेप लावली.

“बाबा, या ना! बघा कोण आलंय.”

मामा चहाचा कप घेऊन आले, खुर्चीत बसले.

आधी पडद्यावर नुसत्या मुंग्या... मग बाई.

गोष्ट सांगता सांगता त्या थांबल्या.

मान वळवली... थेट मामांच्या खुर्चीकडे.

“आलात?”

मामांचे ओठ हलले.

आवाज नाही.

“बाबा, थट्टा पुरे हं!”

कप पडून फुटला. त्याचा आवाज आला. मामांचा नाही.

आणि टेपमधून, कॅमेऱ्यामागून कुणीतरी म्हणालं...

“एक तरी शब्द राहू द्या हो.”

आवाज मामांचा होता.

बाई हसल्या. “उद्या विसरतील.”

डॉक्टर म्हणतात, घसा ठणठणीत आहे. आठ महिने मामा पाटीवर लिहून बोलतायत.

ताईने नंतर टेप तीनदा लावली. दरवेळी त्या वाक्यातला एक शब्द कमी. उरलं फक्त, “राहू द्या हो.” तिने घाबरून टेप कपाटात ठेवली, कुलूप लावलं.

मामा रोज पाटीवर लिहितात, ‘एकदाच लाव. माझा आवाज ऐकायचाय.’

“उरलेलं पण घालवायचंय का, बाबा?” ती रडते.

परवा दुपारी ती बाहेरून आली. कपाटाचं कुलूप तसंच होतं. किल्ली तिच्याच पर्समध्ये.

पण टेपचं मशीन... गरम होतं.

पडद्यावर मुंग्या. समोर मामा, हात जोडून बसलेले.

किती शब्द उरलेत, हे बघायची तिची हिंमत नाही.

माझीही नाही.