मिशी वाळेपर्यंत

पहिल्याच भेटीत तो माझ्या मिशीवर बसला.

माझ्या म्हणजे — मी केलेल्या. चार दिवस डोळे फोडून, जाळीवर एकेक केस ओवून केलेली फौजदाराची मिशी. रंगपटातल्या खुर्चीवर रुमाल पसरून ठेवली होती. पाणी आणायला दोन मिनिटं बाहेर काय गेले, परत येते तो एक लांबलचक मुलगा त्याच खुर्चीत पाय पसरून संवाद घोकतोय!

“उठा!”

“मी नवा फौजदार,” तो गोड हसला. “आधीच्यांनी नाटक सोडलं ना, त्यांच्या जागेवर—”

“जागेचं नंतर. आधी उठा!”

तो उठला, वळला. पँटच्या मागच्या खिशाला माझी मिशी लोंबत होती.

“अरेच्चा!” मान वळवून बघत तो म्हणाला. “माणसाला पूर्वी शेपूट होतं म्हणतात. मिशी होती हे नव्हतं माहीत...”

मी हसले नाही. तो आजही सांगत सुटतो की मी हसले होते. साफ खोटं आहे.

दिवसा तो एका मालिकेत धाकटा मुलगा व्हायचा. तिथे गुळगुळीत चेहरा हवा. संध्याकाळी आमच्याकडे चाळिशीचा फौजदार, म्हणून मिशी मी चिकटवायची. आणि मिशी चिकटवली की गम वाळेपर्यंत तीन मिनिटं ओठ हलवायचा नाही, नाहीतर कोपरा सुटतो. म्हणजे हा बडबड्या माणूस दर प्रयोगाला तीन मिनिटं माझ्यासमोर मुका! असली संधी मी सोडते होय?

“साडेपाचची वेळ दिलेली, आता किती वाजले? मालिकेवाल्यांकडे वेळेवर पोचता, आम्ही काय रिकामटेकडे? आणि काल मिशीत वड्याचे कण होते. फौजदार आहात की उंदीर?... हं! हसायचं नाही. ओठ!”

तो ओठ घट्ट मिटून आरशातून बघत राहायचा. फक्त भुवया उडवायचा. पाचव्या प्रयोगाला त्याने माझी भुवयांची पेन्सिल उचलली आणि डाव्या हाताच्या मागच्या बाजूला लिहिलं — ‘राग नाकावर. नाक छान.’

“फौजदाराच्या हातावर असला मजकूर नसतो,” म्हणत मी क्रीम लावून पुसायला घेतलं. जरा जास्तच जोरात घासलं. तेव्हा कळलं... हात बर्फासारखा गार होता. हा हसरा, आगाऊ माणूस रंगमंचावर जायच्या आधी घाबरतो!

त्या दिवसापासून मी हळू पुसू लागले. रागवायचं काही सोडलं नाही.

मग लिहिणं रोजचंच झालं. ‘आज कमी ओरडलात. बरं नाही का?’ ‘निळा रंग शोभतो.’ मी वाचायचे, पुसायचे, आणि दुसऱ्या घंटेला त्याला ढकलून विंगेत पाठवायचे. मालिका गाजली, रंगपटाच्या दाराशी मुलींची रांग लागली. एकीला फोटो काढताना त्याची मिशी ओढून बघायची होती! मी तिला असं बघितलं की ती फोन घेऊन पळाली.

“पोलीस बंदोबस्त चोख आहे,” तो म्हणाला.

“मिशीसाठी,” मी म्हटलं. “माणूस नेला तरी हरकत नाही.”

पन्नासाव्या प्रयोगानंतर मध्ये पंधरा दिवसांची सुट्टी होती. सुट्टीनंतर तो आला तो... दाढी तुळतुळीत, पण ओठावर केस. दाट. नीट कातरलेले.

“हे काय?”

“अं... पुरळ आलं होतं. वस्तरा लावता येत नव्हता.”

पुरळ! फक्त ओठावर? मी काही बोलणार, इतक्यात नाटकाचे व्यवस्थापक काका आत डोकावले. “वा, पोरी, तुझं काम हलकं झालं की! सिनेमा मिळालाय याला, मालिका सोडून त्यासाठी स्वतःची मिशी वाढवलीय. आणखी तीन प्रयोग, मग हा कसला आपल्याला भेटतोय!”

काकांना माहीत. पडदा ओढणाऱ्याला माहीत. चहावाल्यालासुद्धा माहीत, कारण तो पेढे आणलेस का विचारून गेला. एक मीच तेवढी मूर्ख.

तो खुर्चीत बसला. गम नाही, मिशी नाही. आता त्याला बोलता येत होतं. आणि मी... पेटीतले ब्रश उगाच मांडत बसले.

“रागवा ना,” तो हळूच म्हणाला.

“कशाला? माझं इथे काय काम?”

“सगळ्यांना विचारलं, घेऊ का सिनेमा. तुम्हालाच नाही विचारलं. तुम्ही ‘जा’ म्हणाला असतात तर...”

“तर काय?”

“तर जावं लागलं असतं.”

“जातच आहात की!” मी पेटी इतक्या जोरात आपटली की पावडरचा डबा उडाला. पुढचे दोन प्रयोग मी त्याच्या तोंडाला पावडर लावली आणि तोंड फिरवलं. हात कोरा. घरी आई म्हणाली, “काय गं, भांड्यांनी काय घोडं मारलंय तुझं?”

शेवटच्या प्रयोगाला तो साडेपाचच्या ठोक्याला हजर. रुमालाने तोंड झाकलेलं.

“सर्दी?”

त्याने रुमाल काढला. ओठ गुळगुळीत. लहान मुलासारखा.

“सिनेमा... गेला?”

“छे. आहे. सोमवारपासून.”

“मग मिशी?”

“काढली सकाळी.” खुर्चीत बसून त्याने हनुवटी वर केली. “मला माझी तीन मिनिटं हवी होती.”

“अक्कल कुठे गहाण टाकलीस?” माझं ‘तुम्ही’ कधी गळून पडलं कळलंच नाही. “अरे, त्यांना मिशी हवी म्हणूनच वाढवलीस ना? चार वर्षं पडेल ते काम केलंस, आता कुठे मोठं काम हातात आलं, तर हा त्यावर वस्तरा फिरवून आला! काय सांगणार आहेस त्यांना? पुरळ?”

“मी—”

“ओठ!” गम लावला, मिशी बसवली, दोन बोटांनी दाबून धरली. “तुला काय वाटतं, मला ओरडायची हौस आहे? बाकीच्या सात जणांनाही मीच रंगवते. त्यांच्यावर आवाज चढवला कधी? तू उशिरा आलास की वाटेत काय झालं असेल म्हणून जीव टांगणीला लागतो माझा. तुझे हात गार असले की मला भूक लागत नाही. आवडतोस मला, मूर्खा! म्हणून ओरडते! आणि तू मला सोडून त्या चहावाल्याला सांगतोस?... हसू नकोस! कोपरा सुटेल!”

त्याचे डोळे भरून आले होते. गमचा वास उग्र असतो, पण इतका नाही.

पहिली घंटा झाली. मी नाक पुसलं.

“आज बुधवार. मिशीला चार दिवस लागतात. तुझी दोन प्रयोग बघितलीय, केस न् केस माहीत आहे मला. कॅमेऱ्यालाही ओळखू येणार नाही अशी करते. तुझी उगवेपर्यंत ती. आणि लावायला मी येणार, सांग तुझ्या सिनेमावाल्यांना. रोज तीन मिनिटं, उलट उत्तर चालणार नाही. आणि बसायच्या आधी खुर्ची बघायची!”

त्याने जोरजोरात मान हलवली, पेन्सिल उचलून हातावर काहीतरी खरडलं. तेवढ्यात दुसरी घंटा झाली, काका दारातून ओरडले आणि मी सवयीने त्याला विंगेत ढकललं.

पडदा वर गेला. फौजदार ऐटीत आत गेला आणि नेहमीप्रमाणे डाव्या हाताने मिशीला पीळ दिला. हाताची मागची बाजू थेट माझ्याकडे.

‘मलाही तूच. केव्हापासूनच!’

हात पुसायचा राहिला होता! इतक्या प्रयोगांत पहिल्यांदा. पहिल्या रांगेतल्या आजीबाई पुढे वाकून वाचायचा प्रयत्न करत होत्या, आणि हा मेला पीळ देतच होता... देतच होता...

“सोड,” मी विंगेतून दात-ओठ खात पुटपुटले. “सुटेल ती!”