बादलीसकट बावन्न लाख

चक्रवाढ व्याजात मला फसवील असा माणूस बीड जिल्ह्यात अजून जन्माला यायचाय, असं मी माझ्या मैत्रिणीला, बबिताला, ठासून सांगत होते आणि सांगता सांगता एका प्लास्टिकच्या बादलीसाठी भलत्याच फॉर्मवर सही करत होते.

नारायणगडाची जत्रा होती. एका बाजूला रेवड्यांचा गाडा, दुसऱ्या बाजूला बंदुकीनं फुगे फोडायचा खेळ, आणि मधोमध निळा मंडप: गृहकर्ज मेळावा. नाव-नंबर लिहा, बादली घेऊन जा. बादलीवर छापलेलं, 'घर आलं, काळजी गेली!'

"मॅडम, वीस लाख घ्या. महिना फक्त सतरा हजार चारशे चौऱ्याहत्तर."

मी वर बघितलं. उन्हानं लाल झालेले कान, खिशात रुमालासारखा कोंबलेला टाय, आणि डोळे... डोळ्यांचं नंतर सांगते. आधी आकडा.

"एकूण किती?"

"एकूण म्हंजी?"

"पंचवीस वर्षांत सगळे मिळून किती भरायचे?"

त्यानं पत्रक उलटं केलं. सुलटं केलं. "मॅडम... हे आजवर कुणी विचारलंच न्हाई."

"मी चौसाळ्यात गणिताचे क्लास घेते. आम्ही विचारतो."

"मग तुमच्या वर्गात येऊन बसावं लागंल."

"फी आगाऊ घेते."

तो हसला. आणि ते डोळे — बबितानं मला कोपरानं ढोसलं नसतं तर मी बादली तिथंच विसरले असते.

दुसऱ्या दिवशी फोन आला. "मॅडम, मी हरिओम बोलायलोय. बादलीवाला."

"बोला."

"कॅल्क्युलेटर बिघडलंय बहुतेक. तीन बदलले. तिन्ही बावन्न लाख बेचाळीस हजार दाखवायलेत."

"बिघडलेलं नाही."

तिकडं चौथ्यांदा बटणं दाबल्याचा आवाज आला. मग अगदी बारीक आवाजात, "मी दोन वर्षांत साठ जणांना हे कर्ज दिलंय, मॅडम..."

मी पडले ती तिथं. ज्याला दुसऱ्याच्या व्याजाचं इतकं वाईट वाटतं तो माणूस वाईट नसणार, असा मी निष्कर्ष काढला. सिद्धता मांडली नाही. विद्यार्थ्यांचे मी याच गोष्टीचे मार्क कापते.

मग तो दर रविवारी मोटारसायकलवर चौसाळ्याला यायला लागला. हायवेच्या कडेला एक चहाचं हॉटेल आहे, त्याच्या मागच्या बाकड्यावर मी बिलाच्या पाठीवर तक्ता मांडायची आणि तो माझ्या बोटांकडं बघायचा.

"तक्त्याकडं बघ."

"बघायलोय की."

"पहिला हप्ता सतरा हजार चारशे चौऱ्याहत्तर. त्यातले पंधरा हजार आठशे तेहतीस नुसते व्याजाचे. मुद्दलात गेले सोळाशे एक्केचाळीस."

"म्हंजी पहिल्या महिन्यात घरातलं आपलं काय झालं?"

"दाराची कडी. फार तर एक बिजागरी."

"अन् बाकीचे पैशे?"

"कंपनी थांबली म्हणून तिला द्यायचे."

तो जरा सरकून बसला. "मी पण तीन रविवार थांबायलोय. माझं व्याज कोण देणार?"

"चहाचे मी दिलेत ना..."

त्याचे कान परत लाल झाले. या वेळी ऊन नव्हतं.

या शिकवणीचा एकच तोटा झाला. हरिओम आता प्रत्येक गिऱ्हाइकाला बसवून चहा पाजायचा आणि एकूण किती ते सांगायचा. माणसं चहा पिऊन, हात जोडून, पळून जायची. काही जण बादली तेवढी न्यायची. तीन महिन्यांत त्याच्या हातून एकही कर्ज गेलं नाही. चौथ्या महिन्यात एक गेलं. आमचं.

ते असं झालं. आमचे आप्पा, म्हणजे माझे वडील विठ्ठलराव, माजी सरपंच. चौसाळ्यात त्यांचं मोटार-पाईपचं दुकान. दुकानाच्या मागच्या खोलीत माझे क्लास. हरिओम त्यांना भेटायला आला तेव्हा त्यांनी त्याला पाणी दिलं, चहा दिला, गावाची आणि आईची चौकशी केली. मग विचारलं, "राहता कुठं?"

"बीडला. खोली हाय भाड्यानं."

"पोरगं चांगलं हाय तुमी. पर भाड्याच्या खोलीत पोरगी देत न्हाई आमी. सोताचं घर करा बीडमधी, मग या."

हरिओम कर्ज मागायला स्वतःच्याच कंपनीत गेला. त्याचे साहेब प्रविण सर म्हणाले, "तुझ्या एकट्याच्या पगारावर बारा लाख बसतात. वीस पाहिजे तर सहकर्जदार आण."

"आई हाय. सिरसाळ्याला. आठ म्हशी हायेत तिच्या."

"म्हशींचं उत्पन्न कागदावर आहे?"

"कागद म्हशी खात्यात, सर."

"मग बायको आण. तिचे क्लासचे पैसे बँकेत जमा होत असतील तर धरू."

"होणारी बायको हाय."

"होणारी चालत नाही. झालेली लागती."

हे त्यानं मला बाकड्यावर सांगितलं तेव्हा मी बिलाच्या पाठीवर लिहून बघितलं. लग्नाला घर पाहिजे. घराला कर्ज पाहिजे. कर्जाला बायको पाहिजे. खाली उत्तर लिहायला जागा होती, उत्तर नव्हतं.

"तेजू," तो हळूच म्हणाला, "आप्पांची परवानगी मागायला... आपण आधी लग्न करून टाकू का?"

इतकं वेड्यासारखं मला आयुष्यात कुणी विचारलं नव्हतं. मी हो म्हणाले. चोविसाव्या वर्षी माणूस हो म्हणतो.

नोंदणीच्या ऑफिसात आमच्या नावाची नोटीस तीस दिवस फळ्यावर लागणार होती. मला धडकी भरली. हरिओम निवांत. "अगं, आपल्याकडं एखादी गोष्ट लपवायची आसंल तर तिची नोटीस लावावी." खरंच कुणी वाचली नाही. एकतिसाव्या दिवशी बबिता, चहावाला आणि चहावाल्याचा भाऊ साक्षीदार झाले. मी आप्पांना सांगितलं होतं, खडूचे बॉक्स आणायला चाललेय. येताना खडू घ्यायला विसरले. आप्पांनी दोन दिवस तेवढंच ऐकवलं.

लग्नाच्या आठव्या दिवशी कर्जावर सह्या झाल्या. छत्तीस सह्या. हार एकच घातला होता, सह्या मात्र छत्तीस. चार महिन्यांतलं पहिलं कर्ज दिलं म्हणून प्रविण सरांनी हरिओमचा सत्कार केला. बक्षीस म्हणून दुसरी बादली दिली.

घर सव्वीस लाखांचं. वरचे सहा लाख आपल्या खिशातले लागतात. बायडाबाईंनी, म्हणजे माझ्या सासूबाईंनी, आठपैकी सहा म्हशी विकल्या. सहाही एकाच दिवशी. फोनवर एवढंच म्हणाल्या, "दावणीकडं बघवत न्हाई गं माय, म्हणून तोंड तिकडं करून जेवायले."

आणि घर? बिल्डर म्हणाला, चार महिन्यांत. चारचे दहा झाले. दहाचे वीस झाले. हप्ता मात्र पहिल्या महिन्यापासून सुरू.

मी चौसाळ्यात आप्पांच्या घरी, कुमारिका म्हणून. हरिओम बीडला भाड्याच्या खोलीत. पाच तारखेला हप्ता जायचा, म्हणून पाच तारखेला मी क्लासचे आठ हजार घेऊन बीडला जायचे. नवरा-बायको म्हणून आम्ही महिन्यातून तेवढंच भेटायचो. स्टँडजवळ एक प्लेट भजे, दोघांत. त्याच्या शर्टाची कॉलर सैल व्हायला लागली होती. लग्नाआधी तो विचारायचा, "जेवलीस का?" आता विचारायचा, "जमा झाले का?"

मी पण काही कमी नव्हते. तो एकदा गजरा घेऊन आला, तर मी म्हणाले, "चाळीस रुपये? मुद्दलात टाकायचे होतेस." त्यानं गजरा परत पिशवीत ठेवला. ते मला आजपण आठवतं... तो पिशवीची गाठ मारत होता आणि गाठ बसत नव्हती.

वर्ष झालं आणि कंपनीचं पत्र आलं. 'अभिनंदन! व्याजदरात अर्धा टक्का वाढ झाली असली, तरी आपल्या हप्त्यात एक रुपयाचाही बदल केलेला नाही.'

बबिता म्हणाली, "बघ, किती चांगली लोकं हायेत."

मी पान उलटलं. मुदत पंचवीस वर्षांची तीस झाली होती.

पाच तारखेला ते पत्र भज्यांच्या प्लेटशेजारी ठेवलं. हरिओमनं तीनदा वाचलं.

"अर्ध्या टक्क्यात पाच वर्षं?"

"अर्ध्या टक्क्यात."

"आपलं शिल्लक चाललेलंय ना खाली? वर्षभर भरायलोत की."

"दोन लाख दहा हजार भरले. वीस हजार कमी झाले."

भजे गार झाले. समोरून परळीची गाडी निघाली, तिचा धूर आमच्यावरनं गेला. तो म्हणाला, "तेजू... माझ्या एकट्याच्या नावावर करून घेतो मी. तू मोकळी हो. आप्पांना काहीच ठाव न्हाई. दुसरं स्थळ—"

"सहकर्जदार मोकळी होत नसती, हरिओम. साठ जणांना तूच सांगितलंस."

"चोपन्न वर्षांची होशील तू."

"होईन. तू येशील ना तेव्हा पाच तारखेला?"

त्यानं माझ्याकडं बघितलं. तेच डोळे, फक्त खाली काळं आलेलं.

"चार तारखेलाच येऊन बसंन," तो म्हणाला.

मी रडले. मग आम्ही दोघांनी ते गार भजे संपवले, कारण पैसे दिलेले होते.

विसाव्या महिन्यात किल्ली मिळाली. तिसरा मजला. लिफ्टसाठी भोक होतं, लिफ्ट नव्हती. सासूबाई बघायला आल्या. भिंतीवरून हात फिरवत एकेका खोलीत थांबल्या. "ही चंद्री अन् मोरी," हॉलला म्हणाल्या. स्वयंपाकघरात म्हणाल्या, "ही ढवळी. लई दूध द्यायची." न्हाणीघरात काही बोलल्या नाहीत. तिथं फार वेळ उभ्या राहिल्या.

मग हरिओमनं आप्पांना बोलावलं. घर तयार आहे, या म्हणाला. मी आप्पांबरोबरच गेले, पहिल्यांदाच बघत असल्यासारखी.

सगळं त्या एका दिवसावर होतं. आप्पा हो म्हणाले की मी माझ्याच घरात राहायला येणार होते.

आप्पांनी बोटानं भिंत ठोकून बघितली. नळ सोडला, हवा आली. खिडकीतून खाली बघून मान हलवली. बसायला खुर्ची नव्हती. होत्या दोन बादल्या, पालथ्या. एकीवर हरिओमनं पेपर अंथरला आणि आप्पा बसले.

"घर पसंत हाय," ते म्हणाले.

हरिओमनं डोळे मिटले.

"कर्ज किती हाय?"

"वीस लाख, आप्पा."

आप्पांनी मान डोलावली. माझे क्लास त्यांच्या दुकानामागं चालतात. सहा वर्षं पाईप मोजता मोजता त्यांनी माझा एकच प्रश्न रोज ऐकला होता.

"एकूण किती?"

हरिओमनं माझ्याकडं बघितलं. मी ढवळीकडं बघितलं.

"बासष्ट लाख," हरिओम म्हणाला. त्याला आता खोटं सांगता येत नव्हतं. ते मीच शिकवलेलं. "बासष्ट लाख त्र्याहत्तर हजार. आणखी अठ्ठावीस वर्षं."

आप्पांनी बोटांवर काहीतरी मोजलं. मग म्हणाले, "पोरा, ह्याच्यापरीस तुझी भाड्याची खोली बरी व्हती. इतक्या कर्जात मी पोरगी न्हाई घालायचो. उठ गं तेजे."

मी उठले नाही.

"अन् तू, मास्तरीण. ह्याला सही करायच्या आधी आकडा सांगायचा व्हतास का न्हाई?"

"सांगितला होता, आप्पा."

"मग आकडा कळूनशान कोण येडं सही करंल?" त्यांनी हरिओमच्या हातातली कर्जाची फाईल ओढली. "दोन सह्या दिसायल्यात. दुसरं येडं कोण हाय, बघू तरी."

चष्मा लावला. बोट ठेवून वाचलं. तसंच बोट ठेवून परत वाचलं.

"सौ. तेजश्री हरिओम..."

बाहेर कुणीतरी टँकरवाल्याला हाका मारत होतं.

"कावून केलंस गं आसं?" आप्पांनी विचारलं. ओरडले नाहीत. ओरडले असते तर बरं झालं असतं.

"तुमची परवानगी मागायची होती, आप्पा. परवानगीला घर लागत होतं. घराला कर्ज. कर्जाला... बायको."

आप्पांनी चष्मा काढला. माझ्याकडं बघितलं, हरिओमकडं बघितलं, त्याच्या सैल कॉलरकडं जरा जास्त वेळ बघितलं. काहीतरी बोलायला तोंड उघडलं.

ते काय बोलणार होते हे अजून कळलेलं नाही. त्याच वेळी बादलीचं बूड फुटलं आणि आप्पा आत बसले. मी एक हात धरला, हरिओमनं दुसरा. आप्पा उभे राहिले, बादली निघाली नाही.

एक हात कठड्यावर आणि दुसरा जावयाच्या खांद्यावर ठेवून ते तीन मजले बादलीसकट उतरले. दुसऱ्या मजल्यावर एकदा "हळू" म्हणाले. लिफ्ट अजून बसलेली नाही.