काकूंची वाळू

"काका, तुम्ही त्या झाडाला 'अगं' अशी हाक का मारता?"

मैत्रिणींनी पैज लावली होती, म्हणून तिने विचारलं. मागच्या वर्षीपर्यंत वर्गात "हजर" म्हणतानाही तिचा आवाज पुढच्या बाकापर्यंत पोचत नसे. मग वादविवाद स्पर्धेत एकदा तोंड उघडलं आणि तिचं नावच पडलं तोफ. आज तोफ धडाडली होती, पैज लावणाऱ्या दोघी मात्र दुकानाबाहेर खांबाआड दडल्या होत्या.

शिंपीकाकांनी मशीन थांबवलं. चष्म्यावरून पाहिलं.

"मग काय 'अहो' म्हणू? बायकोला?"

खांबाआडून खिदळणं ऐकू आलं. तोफेला हसू आलं नाही. काकांचा चेहरा चेष्टेचा नव्हता.

खिडकीतल्या कुंडीत ते झुडूप होतं, जेमतेम गुडघ्याएवढं. लोकरीसारखी लव असलेली राखाडी पानं, आणि काड्यांच्या टोकाला शर्टाच्या बटणाएवढी जांभळी फुलं. काकूंनी ते माहेराहून आणलेलं, रेताड मुलखातून, कुंडीतल्या वाळूसकट. काका कपडे शिवायचे, काकू काज करायच्या. काकू गेल्या, झुडूप राहिलं.

"बोललं की फुलतं का?"

"छे. नाही बोललं तर रुसतं."

त्या दिवसापासून तोफ शाळा सुटली की दुकानात डोकावू लागली. म्हणूनच हृदयाच्या ऑपरेशनसाठी काकांना आधीपासून दवाखान्यात भरती व्हावं लागलं, तेव्हा दुकानाची किल्ली तिच्या हातात आली.

"वरून पाणी घालायचं नाही हं पोरी. कुंडी परातीत ठेव, परातीत पाणी ओत. हवं तेवढं ती खालून पिते. वरची वाळू कोरडीच राहिली पाहिजे. आणि निघताना 'येते गं' म्हणायचं. ती एकटी पडता कामा नये, एवढंच बघ."

पहिल्या दिवशी "येते गं" म्हणताना तोफेची बोबडी वळली. पुढे सवय झाली. मग ती शाळेतल्या भानगडीही सांगू लागली, गणिताच्या बाईंची नक्कलसुद्धा करून दाखवू लागली.

एका दुपारी ऊन मी म्हणत होतं. पानं मरगळली होती. बिचारी तहानली असेल, असं वाटून तिने आपली अख्खी बाटली वरून ओतली. मायेच्या भरात.

दुसऱ्या दिवशी खोड बुंध्याशी काळं पडलेलं. हात लावला की पानं गळत होती.

"अगं, झाड आहे ते," जेवताना बाबा म्हणाले. "दुसरं आणू."

"दुसरं कुठून आणू? उद्या काकांचं ऑपरेशन आहे, बाबा!"

आईने तिच्या पाठीवरून हात फिरवला. ती ताट सरकवून उठली.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटताच तिने दुकानाचं कुलूप उघडलं. किल्ली एकच, तिच्या दप्तरातली.

कापड बेतायच्या टेबलावर जुना पेपर पसरलेला होता. त्यावर ओल्या वाळूचा नीट ढीग. कुंडीत वरपर्यंत कोरडी वाळू.

तिने बोट टेकवलं. वाळू गरम होती, रेताड मुलखातल्या उन्हातून आत्ताच आणल्यासारखी. त्या खिडकीत दुपारचं ऊन येत नसे.

खोडाभोवती वाळू दाबून बसवलेली होती. प्रत्येक दाबाच्या जागी बारीक बारीक खळगे. तिने काकूंचा सुया-दोऱ्यांचा डबा उघडला, त्यातलं सुई टोचू नये म्हणून बोटात घालायचं अंगुस्तान काढलं आणि वाळूवर टेकवलं. तोच ठसा. काका अंगुस्तान कधीच वापरत नसत. बोट बांधल्यासारखं होतं म्हणायचे.

पळून जावं, असं मनात आलं. पण पाय निघेना. झोपलेल्या आजारी लेकराचं पांघरूण कुणीतरी सारखं करून गेलंय, तसं काहीसं तिला वाटलं.

"येते गं," ती हळूच म्हणाली. मग चुकल्यासारखं वाटून, "येते हं काकू."

झुडूप तगलं. काकाही बचावले, पण परगावी राहणारी त्यांची लेक त्यांना आपल्या घरी घेऊन निघाली. तिचं गाव बारमाही दमट.

"तिकडे ही कुजेल," काका म्हणाले. हातातला रुमाल उगीचच उलगडत, घडी घालत राहिले. "कुठे राहायचं ते तिलाच विचार. माझ्याने नाही विचारवत."

तोफ कुंडीपुढे उभी राहिली.

"काकू, माझ्याकडे येता?"

पानसुद्धा हललं नाही. तिला एकदम खुळ्यासारखं वाटलं. तिने कुंडी उचलली. एरवी परातीत ठेवताना दम लागायचा. आज कुंडी अलगद उचलली गेली, पलीकडून कुणी हात दिल्यासारखी.

दारातून ती अंग तिरकं करून निघाली.

"सावकाश, पायरी आहे," ती म्हणाली. कुणाला, ते तिचं तिलाच कळलं नाही.

काकांनी डोळे पुसले.

घरी आईने दार उघडलं. तोफ आत गेली, तरी आई दार धरून तशीच उभी. मग किंचित बाजूला सरकली.

"या ना," ती म्हणाली.

"कुणाला म्हणतेस?" बाबांनी विचारलं.

आईने रिकाम्या जिन्याकडे पाहिलं. "काय म्हटलं मी?"

तोफेने कुंडी आणखी जवळ धरली.

"आई, बाबा, मी ठरवलंय. आजपासून त्या माझ्या खोलीत राहणार."