मांडवात कोंडलेला वारा

"गुणाजीकाका, शीड झोपलं का मेलं?" रघूने डोलकाठीकडे बघत विचारलं.

गुणाजी तांडेलाने नुसतं नाक ओढलं. त्याचा मचवा खाडीच्या मधोमध अडकला होता आणि शीड ओल्या लुगड्यासारखं लोंबत होतं. ओहोटी लागली होती. त्या ओढीपुढे वल्ह्यांचं काही चालेना, म्हणून नांगर टाकलेला. दोन्ही काठांना चिखल उघडा पडत चालला होता. आणखी थोडं पाणी उतरलं की मचवा चिखलात बसणार, तो रात्रीच्या भरतीलाच उठायचा.

आणि मचव्यात होती ठमाबाई धवलारीण! तिने धवळे गायल्याशिवाय शेवरेखारात कुणाचं लग्न लागत नसे. आज लग्न होतं बारा वर्षांच्या राहीच्या थोरल्या बहिणीचं, जनीचं. नवऱ्याचा मामा म्हणजे तुसडेपणाचा अर्क. दिवेलागणीच्या आत लग्न लागलं नाही तर नवरा घेऊन परत जाईन, असं त्याने सकाळीच सुनावलं होतं. शाळेला सुट्टी, पोरं रिकामी, म्हणून राहीला आणि तिच्या चुलतभावाला, रघूला, ठमाबाईला पैलतीरावरून आणायला धाडलं होतं.

ठमाबाई मांडीवर कुंकवाची टोपली धरून घामाने निथळत होती आणि आळीपाळीने गुणाजीचा, मचव्याचा नि सूर्याचा उद्धार करत होती. उतरून जावं तर चिखल माणसाला कमरेपर्यंत गिळतो. बसून राहावं तर जनीचं लग्न मोडतं.

राहीने गावाकडे पाहिलं, आणि पाहतच राहिली. मांडवाजवळचे माड कमरेतून वाकून झुलत होते.

"मावशी, तिथं वारा हाय," ती म्हणाली. "आपलाच वारा."

त्या किनाऱ्यावर तेव्हा गावोगाव वारेयंत्रं असत. शेवरेखारचं यंत्र बांधावर, पाणी सोडायच्या दारापाशी, म्हणजे उघाडीपाशी होतं. साठवलेलं खारं पाणी उघाडीतून खाडीत पडे, त्यावर चाक फिरे, आणि पितळी कर्णा खाडीवरचा वारा ओढून मिठागरांवर सोडे. शीड दिसलं की यंत्र थांबवायचं, हा गावाचा नियम. यंत्राच्या खोलीची चावी राहीच्या येसाजीकाकाच्या कमरेला असे.

"मामा सकाळपासून उकडतंय उकडतंय करत होता," रघू म्हणाला. "काकाने कर्णा वळवून वारा मांडवात सोडला आणि स्वतः नाचायला गेला."

लग्नात नाचणाऱ्या पुरुषाला नियम आठवतो असं ज्याला वाटतं, त्याने एकदा शेवरेखारचं लग्न बघावं.

राहीने मचव्याच्या तळावर अंथरलेल्या दोन सुट्या फळ्या उचलल्या. गुणाजी नको नको म्हणत राहिला. ठमाबाईने त्याला गप्प केलं. "पोरी, जा. पण बुडलीस तर याद राख, मी रडणार न्हाय."

पोटाखाली फळी घेऊन, आधी मधलं पाणी कापत, मग हातांनी चिखल मागे लोटत दोघं सरपटत निघाली. चिखल नाकातोंडात गेला. एकदा राहीचा हात खांद्यापर्यंत रुतला, तो निघेचना. रघूने वेणी धरून ओढली, तेव्हा कुठे सुटला.

बांधावर पोचली तर खोलीला कुलूप. कर्णा घोंघावत होता. राही थांब म्हणेपर्यंत रघू फळीसकट कर्णा ढकलून वळवायला धावला, आणि भिंतीवर शेणी थापावी तसा कर्ण्याच्या वारा ओढणाऱ्या तोंडावरच्या गजांना जाऊन चिकटला. हात सुटेना, पाय सुटेना.

"राही, मला श्वास येत न्हाय!"

तिने त्याचा पाय धरून ओढलं. पाय हलला नाही. मग तिची नजर उघाडीकडे गेली. दोन्ही बाजूंना दगडात खाचा होत्या. बापाच्या मिठागरात खाचांत फळ्या सोडून पाणी अडवायचं काम तिचंच तर होतं! तिने आपली फळी खाचेत घातली आणि वर उभी राहून टाचांनी ठोकली. पाणी निम्मं झालं. चाक कण्हलं. रघू फळीसकट खाली गळाला.

"दे ती फळी," राही ओरडली.

दुसरी फळी बसली आणि चाक थांबलं. क्षणभर सगळीकडे शुकशुकाट. मग समुद्राकडून वारा सुटला आणि खाडीत शीड फाडकन फुगलं.

इकडे मांडवात चुलीचा धूर कोंडला. येसाजीकाका सुटलेला फेटा आवरत, यंत्राला हात लावणाऱ्याचे हात मोडायला निघाला. उघाडीवर त्याला चिखलाची दोन बुजगावणी दिसली.

"काका," त्यातलं एक म्हणालं, "शीड दिसलं की काय करायचं असतं?"

त्याने खाडीकडे पाहिलं. मचवा खोल पाण्यातल्या धक्क्याकडे धावत येत होता. काकाची मान खाली गेली.

धक्क्यावर उतरताच ठमाबाईने कुणाचाही रामराम घेतला नाही. एक सूप मागवलं आणि येसाजीच्या हातात दिलं. "पाव्हण्याला वारा पायजे ना? मग घाल." लग्न लागेपर्यंत तो मामाला वारा घालत उभा राहिला. मामानेही पुन्हा उकडतंय म्हणून तोंड उघडलं नाही.

राहीच्या बापाने सगळ्यांदेखत चावी भावाच्या कमरेची सोडली आणि राहीच्या हातात दिली.

सूर्य टेकला होता. ठमाबाईने धवळे सुरू केले. आधी घरच्या देवाला आवतण, मग गावदेवीला, मग खाडीला. मग तिने दम घेतला आणि त्याच सुरात राहीला नि रघूला आवतण गायलं. मुंडावळ्यांआड जनी हसली. चिखलाने दडे बसलेल्या कानांनी राहीने आपलं नाव ऐकलं, आणि चावी मुठीत घट्ट धरली.